ना बंदी, ना हुकूम: रॉड सर्लिंगच्या एका संहितेचं प्रकरण

25 एप्रिल 1956 रोजी अमेरिकेतल्या सीबीएस वाहिनीवर 'नून ऑन डूम्सडे' नावाचं एक तासाचं नाटक झालं. न्यू इंग्लंडमधल्या, म्हणजे अमेरिकेच्या ईशान्य टोकाच्या, एका गावात एका परक्या माणसाचा खून होतो, खुनी गावातलाच पोरगा असतो आणि गाव त्याला पाठीशी घालतं, अशी ती गोष्ट. परका म्हणजे कुठला, त्याच्यावर एवढा राग कशाचा, याचा पत्ता नाटक लागू देत नाही. लेखक होता 31 वर्षांचा रॉड सर्लिंग. त्याच्या डोक्यात जी गोष्ट होती ती दक्षिणेतल्या मिसिसिपी राज्यातली होती. मेलेला मुलगा काळा होता, चौदा वर्षांचा होता, आणि त्याला नाव होतं: एमेट टिल.

मिसिसिपीपासून न्यू इंग्लंडपर्यंत ही गोष्ट कशी सरकली, कुणी सरकवली, आणि सर्लिंगच्या पुढच्या कारकिर्दीचं त्यातून काय झालं, ते या प्रकरणात पाहायचं आहे. सर्लिंग म्हटलं की 'द ट्वायलाइट झोन' ही विज्ञानकथांची टीव्ही मालिका आठवते आणि त्याच्या पाठोपाठ एक ठरलेली कथा येते. टीव्हीवाल्यांनी खरं बोलू दिलं नाही, म्हणून या हुशार माणसाने परग्रहवासी आणि यंत्रमानव आणले आणि सगळ्यांच्या नाकावर टिच्चून हवं ते सांगितलं. हे खोटं नाही, पण मला ते अपुरं वाटतं. पहिली माघार कुणी घेतली, हे या कथेत दिसत नाही. त्या माघारीत नेमकं काय हातचं गेलं, हेही दिसत नाही.

तोवरचा सर्लिंग

जन्म 25 डिसेंबर 1924, न्यूयॉर्क राज्यातल्या सिरॅक्यूजचा. वाढला बिंगहॅम्टन या लहान शहरात, ज्यू घरात. शाळा संपताच तो छत्रीधारी सैनिक झाला, फिलिपिन्समध्ये लढला, जखमी होऊन परतला. युद्धावरून आलेल्यांना सरकार शिक्षणाचा खर्च देत होतं, त्यावर ओहायोतल्या अँटिओक कॉलेजात शिकला. मग सिनसिनाटीत रेडिओ आणि टीव्हीसाठी पडेल ते लिहिलं. ओळीने चाळीसेक संहिता साभार परत आल्याचं तो सांगायचा.

12 जानेवारी 1955 ला त्याचं 'पॅटर्न्स' झालं. एका मोठ्या कंपनीतला मालक जुन्या, थकलेल्या अधिकाऱ्याला रोज सगळ्यांसमोर पाणउतारा करून संपवतो आणि त्याच्या जागी आणलेल्या तरुणाला हे उघड्या डोळ्यांनी बघावं लागतं, एवढीच गोष्ट. पण ती इतकी गाजली की महिन्याच्या आत, 9 फेब्रुवारीला, तेच नट पुन्हा जमवून तेच नाटक पुन्हा थेट करावं लागलं. चित्रफितीचं यंत्र अजून टीव्हीत आलं नव्हतं, त्यामुळे पुन्हा दाखवायचं म्हणजे पुन्हा करायचं. असं सहसा घडत नसे. सर्लिंगच्या हिशेबाने ही त्याची बहात्तरावी संहिता. कार्यक्रम संपल्यावर मिनिटाभरात फोन वाजायला लागला तो थांबलाच नाही, असं त्याने लिहून ठेवलं आहे. 'पॅटर्न्स'ला एमी हे टीव्हीचं पारितोषिक मिळालं, पुढच्याच वर्षी त्यावर चित्रपट निघाला.

म्हणजे आपण ज्या प्रसंगाकडे येतो आहोत तिथला सर्लिंग धडपडणारा नवखा नव्हता. टीव्हीवर लिहिणाऱ्यांत त्याच्याइतकं वजन असलेली माणसं थोडीच होती. हे लक्षात ठेवून पुढचं वाचावं, कारण हे वजन त्याच्या काहीही कामी आलं नाही.

तास कुणाचा?

त्या काळच्या अमेरिकन टीव्हीचा व्यवहार समजल्याशिवाय हे प्रकरण कळत नाही. नाटकांच्या या कार्यक्रमांत जाहिरातीचे तीस सेकंद नव्हे, तर सबंध तासच कंपनी विकत घ्यायची. कार्यक्रमाच्या नावातच कंपनी असायची: क्राफ्ट, गुडइयर, फिल्को. संहिता कंपनीच्या जाहिरात संस्थेकडे जायची, आणि तिथे बसलेल्या माणसांचं काम एकच: ग्राहक दुखावणार नाही हे बघायचं. 'नून ऑन डूम्सडे' ज्या कार्यक्रमात झालं त्याचं नाव 'द युनायटेड स्टेट्स स्टील अवर'. निर्मिती थिएटर गिल्ड या न्यूयॉर्कच्या ब्रॉडवे रंगभूमीवरच्या नामांकित संस्थेची, पैसा पोलाद कंपनीचा.

या मंडळींची कात्री कुठवर चालायची याचे किस्से सर्लिंग अनेकदा सांगायचा. एका नाटकात 'काडी आहे का?' ही साधी ओळ कापली, कारण प्रायोजक लायटर बनवणारा. फोर्डच्या कार्यक्रमात न्यूयॉर्कच्या चित्रातून क्रायस्लरची इमारत पुसली. ऐकताना हसू येतं, पण 16 एप्रिल 1959 ला जे झालं ते हसण्यासारखं नव्हतं. न्यूरेंबर्ग खटल्यावरच्या अ‍ॅबी मानच्या नाटकात नाझी छावण्यांतल्या गॅसचा उल्लेख आला की आवाज बंद करण्यात आला. प्रायोजक होती गॅस कंपन्यांची संघटना. लाखो माणसं ज्याने मारली गेली त्याचं नाव घ्यायचं नाही, कारण स्वयंपाकघरातल्या शेगडीची बदनामी होईल.

मिसिसिपीत काय झालं होतं

एमेट टिल शिकागोचा. 1955 च्या उन्हाळ्यात तो मिसिसिपीतल्या मनी नावाच्या वस्तीत आईच्या नातेवाइकांकडे आला होता. तिथल्या एका किराणा दुकानात गोऱ्या मालकिणीशी गैर वागला, अशी कुजबूज झाली. 28 ऑगस्टच्या पहाटे दुकानदार रॉय ब्रायंट आणि त्याचा सावत्र भाऊ जे. डब्ल्यू. मायलम यांनी त्याला घरातून उचलून नेलं. तीन दिवसांनी टॅलाहॅची नदीत प्रेत सापडलं. सरकीच्या यंत्राचा लोखंडी पंखा काटेरी तारेने गळ्याला बांधलेला होता.

आई मेमी टिल हिने शिकागोत शवपेटी उघडी ठेवायला लावली. माझ्या मुलाचं काय केलंय ते सगळ्यांनी बघावं, हा तिचा आग्रह. 'जेट' मासिकाने छायाचित्र छापलं. खटला समनर गावात चालला. म्हातारा मोझ राइट, ज्याच्या घरातून मुलाला नेलं तो, भर कोर्टात उभा राहिला आणि त्याने गोऱ्या आरोपींकडे बोट दाखवलं. त्या काळच्या मिसिसिपीत हे जिवावर उदार होऊन केलेलं काम होतं. बारा गोऱ्या पुरुषांच्या ज्यूरीने 67 मिनिटांत दोघांना निर्दोष सोडलं. एका ज्यूररने सांगितलं की मधे सोडा प्यायला थांबलो नसतो तर एवढाही वेळ लागला नसता. जानेवारी 1956 मध्ये त्याच दोघांनी 'लुक' मासिकाकडून पैसे घेऊन आपण खून कसा केला ते सांगितलं. सुटका झालेली असल्यामुळे पुन्हा खटला होऊ शकत नव्हता.

सर्लिंगला या खटल्यातल्या खुन्यांपेक्षा गाव जास्त अस्वस्थ करत होतं. निकालाआधी बरीच गोरी माणसं त्या दोघांना हलकट समजत होती. पण बाहेरचे पत्रकार आले, टीका झाली, आणि गावाने कोट केला. आपला माणूस नालायक असला तरी आपला. एक लेखक म्हणून याहून चांगलं बीज मिळणं अवघड होतं, आणि त्याने बरोबर त्यावरच हात ठेवला होता.

पहिली माघार

आरंभी पात्रं काळी आणि गोरीच होती, असं सर्लिंगने 1959 मध्ये टीव्ही पत्रकार माइक वॉलेसला दिलेल्या मुलाखतीत सांगितलं. पण ज्या संहितेवरून पुढचं रामायण घडलं तिच्यात मेलेला होता एक म्हातारा ज्यू, गहाणवटीचं दुकान चालवणारा. खुनी होता आयुष्यात काही न जमलेला, कुढणारा तरुण, ज्याला आपल्या रिकामेपणाचं खापर फोडायला कुणीतरी हवं असतं. काळ्या मुलाच्या खुनावरचं नाटक पोलाद कंपनीच्या तासात जाणार नाही, हे सर्लिंगला कुणी सांगायची गरज नव्हती. त्याने स्वतःच बदल करून ठेवला. 1957 मध्ये आपल्या नाटकांच्या पुस्तकाला लिहिलेल्या प्रस्तावनेत तो याचं समर्थनही करतो: आपल्या उणिवा झाकायला माणसाला बळीचा बकरा लागतो, हा आपला विषय होता, म्हणून तात्त्विकदृष्ट्या आपण भक्कम जागी होतो.

इथे माझं त्याच्याशी पटत नाही. बळीचा बकरा कोण, हे बदललं की गोष्ट बदलते. टिलच्या खुनामागे एका माणसाचं कुढणं नव्हतं. शाळा, कोर्ट, बस, दुकान, मतदान, सगळीकडे पसरलेली व्यवस्था होती. खुनी मनाने बिघडलेला दाखवला की ती व्यवस्था सुटते. ज्यू दुकानदाराच्या खुनाची गोष्टही खरी असू शकते, आणि सर्लिंग ती आतून जाणत असणार. पण ती वेगळी गोष्ट आहे. म्हणजे जाहिरात संस्थेने पेन्सिल उचलायच्या आधीच एमेट टिल संहितेतून बाहेर पडला होता.

मग एक किरकोळ घटना घडली. एका वृत्तसंस्थेच्या वार्ताहराशी बोलताना सर्लिंगने कथानक सांगितलं. वार्ताहर म्हणाला, हे टिल प्रकरणासारखं वाटतंय. सर्लिंग खांदे उडवून म्हणाला, ज्याला लागू पडेल त्याने घ्यावं. दुसऱ्या दिवसापासून बातम्या सुरू झाल्या: टीव्हीवर टिल प्रकरणावर नाटक येतंय. शाळांतला वर्णभेद घटनाबाह्य ठरवणारा सर्वोच्च न्यायालयाचा निकाल 1954 मध्ये आला होता आणि त्याला विरोध करायला दक्षिणेत 'व्हाइट सिटिझन्स कौन्सिल' नावाच्या संघटना उभ्या राहिल्या होत्या. त्यांच्याकडून आणि त्यांच्या भाऊबंदांकडून पत्रं-तारांचा पाऊस पडला. सर्लिंग 15,000 चा आकडा देतो. पोलाद कंपनीवर बहिष्काराची धमकी आली.

त्याच महिन्यांत अलाबामातल्या मॉन्टगोमेरीत काळी माणसं बसवर बहिष्कार घालून रोज मैलोनमैल पायी चालत होती. ते वर्षभर चालत राहिले तेव्हा कुठे कायदा हलला. गोऱ्यांच्या बहिष्काराला प्रत्यक्ष सुरूही व्हावं लागलं नाही, नुसत्या पत्रांनी काम झालं. शिवाय पोलाद काही साबणाची वडी नाही की गिऱ्हाईक रागावून दुसरी घेईल. आता दक्षिणेतली माणसं घरं अ‍ॅल्युमिनियमची बांधणार आहेत का, असं सर्लिंगने विचारलं होतं. प्रश्न रास्त होता, आणि त्याचं उत्तर द्यायला कुणी बांधील नव्हतं.

एक आठवडा, रोज दोन बैठका

यानंतरचा आठवडा हा या प्रकरणाचा गाभा. सर्लिंगच्याच शब्दांवर विसंबून सांगायचं तर तीसेक माणसांनी संहिता ओळ न् ओळ चाळून काढली आणि तो आठवडाभर रोज किमान दोन बैठकांना बसून काय काय बदलायचं ते लिहून घेत होता. मला हे चित्र फार महत्त्वाचं वाटतं. देशातला एक नावाजलेला टीव्ही लेखक वही घेऊन बसला आहे आणि समोरची माणसं एकेक करून बोलतायत. कुणी ओरडत नाही. नाटक बंद करा, असं कुणी म्हणत नाही.

म्हातारा ज्यू नको, फार नेमका होतो. 'परका' म्हणा, नाव-गाव नको. ही सुद्धा लेखकाला दिलेली सवलत होती, कारण जाहिरात संस्थेच्या मते कुठल्याच अल्पसंख्याकाची सूचनाच नको होती. खुनी विकृत नको, भला अमेरिकन पोरगा असू द्या, क्षणभर तोल गेलेला. गाव दक्षिणेतलं वाटता कामा नये, म्हणून न्यू इंग्लंड, नकाशात दक्षिणेपासून जितकं लांब जाता येईल तितकं. दक्षिणी वळणाचा उच्चार नको. झुंडीने ठार मारण्याला अमेरिकेत 'लिंच' हा जो शब्द आहे तो कुठेही यायला नको. आणि सेटवर कोका-कोलाच्या बाटल्या नकोत, कारण त्यांनी दक्षिण आठवते. कोका-कोलाचं मूळ गाव अटलांटा.

या बाटल्यांशी थोडं थांबतो. देशभर प्रत्येक खेड्यात, प्रत्येक दुकानात जे पेय मिळत होतं ते दुकानाच्या सेटवरून काढून टाकलं. न्यू इंग्लंडमध्येही लोक कोक पीत होतेच. म्हणजे बाटली काढल्याने गाव न्यू इंग्लंडचं झालं नाही, ते कुठलंच राहिलं नाही. सर्लिंग वॉलेसला म्हणाला होता की जमलं असतं तर यांनी गोष्ट उत्तर ध्रुवावर नेली असती आणि अल्पसंख्याक म्हणून एस्किमो घेतले असते, पण वेशभूषेची अडचण आली असावी.

आपल्याकडे सेन्सॉर म्हटलं की मंडळ आठवतं, प्रमाणपत्र आठवतं, कापायच्या जागांची यादी आणि मग कोर्ट. त्यात निदान कागद हातात असतो. कुणी काय कापायला लावलं हे दाखवता येतं, दाद मागता येते, दहा वर्षांनी का होईना निकाल लागतो. इथे कागदच नव्हता. खासगी कंपनी आपल्या पैशाच्या कार्यक्रमात काय हवं ते सांगत होती आणि लेखक मानधन घेऊन ते करत होता, कायद्याच्या दृष्टीने कुणाचाच हक्क डावलला गेला नव्हता. चॅनलच्या बैठकीत बसून 'ट्रॅक बदला' ऐकणाऱ्या आपल्या मालिका लेखकांना ही खोली ओळखीची वाटेल.

दुधात पाणी घालणारा एकदम बादली ओतत नाही, तसंच इथे झालं. प्रत्येक सूचना एकटी घेतली तर मान्य करण्याजोगी होती. गावाचं नाव बदललं म्हणून नाटक मरतं का? नाही. बाटली काढली म्हणून? नाही. प्रत्येक वेळी लेखक स्वतःला सांगू शकतो की मूळ गाभा शाबूत आहे. सर्लिंगनेही तेच सांगितलं असणार. पण गाव आपल्या माणसाला पाठीशी का घालतं याचं कारण त्या गावाच्या इतिहासात होतं, मेलेल्याच्या रंगात होतं. ते गेल्यावर गावाचं वागणं नुसतं विचित्र दिसतं. प्रेक्षकाला घाबरायला किंवा शरमायला जागाच उरत नाही. प्रसारणानंतर सर्लिंगने स्वतःच आपलं नाटक निःसत्त्व झाल्याचं मान्य केलं.

त्याच्यापुढे कोणत्या वाटा होत्या

एक म्हणजे संहिता मागे घेणं. नाव गाजत होतं, काम मिळत होतं. दोन लहान मुली असलेल्या घराचा प्रश्न होता हे खरं, पण उपासमारीची वेळ नव्हती. मागे घेतली असती तर त्या 15,000 पत्रांना पूर्ण विजय मिळाला असता आणि बाहेर कुणाला काही कळलंही नसतं. दुसरी वाट रंगभूमीची किंवा छापील पानाची. तिथे प्रायोजक नव्हता, पण सर्लिंगला ज्यांच्यापर्यंत पोचायचं होतं ती माणसं रात्री टीव्हीसमोर बसत होती. तिसरी वाट त्याने घेतली: बदल स्वीकारायचे, नाटक होऊ द्यायचं आणि नंतर काय झालं ते जाहीर सांगायचं.

हे तिसरं त्याने फार मोकळेपणाने केलं आणि त्याबद्दल मला त्याचा आदर वाटतो. पुस्तकाच्या प्रस्तावनेत, मुलाखतींत, भाषणांत तो नावानिशी, तपशिलांसह बोलला. त्या तीस माणसांच्या बैठका आज आपल्याला माहीत आहेत त्या त्याच्यामुळेच. नाहीतर पडद्यामागचं पडद्यामागेच राहतं.

शिवाय त्याने विषय सोडला नाही. 19 जून 1958 ला 'प्लेहाउस 90' या टीव्ही नाटकांच्या कार्यक्रमात 'अ टाउन हॅज टर्न्ड टू डस्ट' आलं, दिग्दर्शक जॉन फ्रँकेनहायमर, भूमिका रॉड स्टायगर आणि विल्यम शॅटनर यांच्या. पुन्हा मूळ प्रेरणा टिलचीच. या वेळी काळ 1870 च्या आसपासचा, ठिकाण नैऋत्येकडचं वाळवंटी गाव, मारला जाणारा मुलगा मेक्सिकन. म्हणजे दोन वर्षांत सर्लिंगला इतकं मिळालं की बळी पुन्हा सावळ्या वर्णाचा झाला आणि झुंड पडद्यावर आली, पण त्यासाठी पाऊण शतकाहून अधिक मागे जावं लागलं. सेन्सॉरचं काम आटोपेपर्यंत गावासारखी माझी संहिताही धुळीला मिळाली होती, असं तो म्हणाला. तरी दोन्हींत हे नाटक सरस होतं. अन्याय थांबवायची ताकद असून न थांबवणारा स्टायगरचा शेरिफ हा माणूस म्हणून उभा राहतो, डूम्सडेच्या गावासारखा अधांतरी राहत नाही.

यंत्रमानवांचं सेनेट

1956 मध्येच आणखी एक अनुभव आला होता. 'द अरीना' हे नाटक अमेरिकन सेनेटवरचं. अट अशी की सेनेटरांनी चालू राजकारणातल्या एकाही खऱ्या प्रश्नावर बोलायचं नाही. मग सभागृहात माणसं तावातावाने भांडतायत आणि कशावरून ते कळत नाही, असा प्रकार झाला. त्याबद्दल सर्लिंगने लिहिलं की यापेक्षा मी ही विज्ञानकथा करायला हवी होती, साल 2057 ठेवून सेनेटमध्ये यंत्रमानव बसवले असते, तर नाटक जास्त प्रौढ झालं असतं. हे वाक्य 1957 मधलं आहे, 'ट्वायलाइट झोन' सुरू होण्याच्या दोन वर्षं आधीचं.

2 ऑक्टोबर 1959 ला मालिका सुरू झाली आणि 1964 पर्यंत चालली. 156 भाग, त्यांतले 92 एकट्या सर्लिंगचे. सुरुवातीच्या दहा-बारा दिवस आधीच वॉलेसने त्याला छेडलं होतं की मग टीव्हीसाठी महत्त्वाचं काही लिहायचं तू सोडून दिलंस तर. महत्त्वाचं म्हणजे चालू सामाजिक प्रश्न म्हणत असाल तर हो, सोडलं, असं त्याचं उत्तर होतं. प्रायोजकांशी आणि संस्थांशी भांडून थकलो, हेही तो म्हणाला. समाजातले दोष आहेत तसे नाटकातून दाखवायची मुभा नसणं हा गुन्हा आहे, हे त्याच मुलाखतीतलं. त्याने हे प्रायोजकांना गाफील ठेवण्यासाठी म्हटलं, असं सांगणारे आहेत. मला तसं वाटत नाही. तो खरोखर थकला होता, आणि काम सुरू झाल्यावर जुनी ओढ पुन्हा वर आली.

पण विज्ञानकथेच्या आडोशाइतकीच दुसरी एक गोष्ट बदलली होती आणि तिच्याकडे कमी लक्ष जातं. ही मालिका सर्लिंगच्या स्वतःच्या कायुगा प्रॉडक्शन्सची होती. निर्मितीची अंतिम सूत्रं त्याच्याकडे होती, भागांचा शेवटचा शब्द त्याचा होता. थेट नाटकाऐवजी चित्रपटाची रीळं होती, त्यामुळे शेवटच्या आठवड्यातली घबराट कमी झाली. प्रायोजकांचा हट्ट पूर्ण संपला नाही. एका भागात ब्रिटिश जहाजावरचा अधिकारी चहा मागवतो, त्या चहावर कॉफी विकणाऱ्या प्रायोजकाने हरकत घेतली आणि चहा गेला. पण तक्रारींचा स्तर चहावर आला होता. मेलेला माणूस कोण हे ठरवायला आता तीस जण बसत नव्हते.

4 मार्च 1960 चा 'द मॉन्स्टर्स आर ड्यू ऑन मेपल स्ट्रीट' पाहिला की डूम्सडेत काय हरवलं होतं ते कळतं. संध्याकाळची एक गल्ली, वीज जाते, गाड्या बंद पडतात. एक पोरगं विज्ञानकथेच्या आधाराने सांगतं की परग्रहवाले आधी माणसाच्या रूपात आपली माणसं पाठवतात. तेवढं पुरतं. कुणाची गाडी आपोआप सुरू झाली, कोण रात्री आकाशाकडे बघत उभा असतो, कोण तळघरात रेडिओ जोडतो, शेजाऱ्यांच्या साध्या सवयी पुरावे होतात. काही तासांत एक माणूस गोळी लागून पडतो. इथे गाव कुठलंही असलं तरी चालतं, कारण संशयाला लागणारं इंधन लेखकाने गोष्टीतच घडवलं आहे. डूम्सडेत ते इंधन खऱ्या इतिहासातून येणार होतं आणि तेच काढून घेतलं होतं. सर्लिंगने यातून जो धडा घेतला तो लेखनाचा होता: खरं कारण देता येणार नसेल तर दुसरं कारण तितक्याच ताकदीने रचावं लागतं, नुसतं पुसून भागत नाही.

याचा हिशेब मात्र एका बाजूचा नाही. परग्रह आणि गल्ली यांतून सांगितलेला वर्णद्वेष सगळ्यांचा होतो, आणि सगळ्यांचा झाला की मिसिसिपीतल्या प्रेक्षकाला तो आपला मानायची सक्ती राहत नाही. त्यालाही ती मेपल गल्ली आवडली असेल. पत्रं लिहिणाऱ्यांना जे हवं होतं, काळ्या मुलाचं नाव टीव्हीवरच्या नाटकात येऊ नये, ते त्यांना या मालिकेतही मिळालंच.

दुसऱ्या पारड्यात 8 एप्रिल 1960 चा 'द बिग टॉल विश' ठेवावा लागेल. थकलेला मुष्टियोद्धा आणि त्याच्यावर जीव लावणारा शेजारचा पोर, दोघेही काळे, मुख्य भूमिकेत आयव्हन डिक्सन. वर्णाबद्दल चकार शब्द नाही. काळ्या नटांकडे टीव्हीने दुर्लक्ष केलं हे पाप आहे, असं सर्लिंगने त्या वेळी उघड म्हटलं. हाच डिक्सन 27 मार्च 1964 च्या 'आय अ‍ॅम द नाइट, कलर मी ब्लॅक' मध्ये धर्मगुरू म्हणून येतो. फाशीच्या दिवशी गावात सूर्यच उगवत नाही, आणि शेवटी रेडिओवर बातमी येते की असाच अंधार डॅलसच्या रस्त्यावर, बर्लिनच्या भिंतीपाशी, बर्मिंगहॅममध्येही पसरला आहे. नाटक म्हणून हा भाग बेतास बात आहे, पात्रं बोलण्यापेक्षा भाषणं जास्त करतात. पण अलाबामातल्या बर्मिंगहॅमचं नाव, जिथे सहा महिन्यांपूर्वी चर्चमधल्या बॉम्बस्फोटात चार काळ्या मुली मेल्या होत्या, त्या नाटकात स्पष्ट उच्चारलं जातं. आठ वर्षांपूर्वी कोकची बाटली चालत नव्हती.

सूत्रं हातची गेल्यावर

चित्रपटांतलं त्याचं काम थोडक्यात सांगतो. 'रिक्वीम फॉर अ हेवीवेट' हे 1956 चं गाजलेलं टीव्ही नाटक 1962 मध्ये पडद्यावर आलं. 1964 चा 'सेव्हन डेज इन मे' पुन्हा फ्रँकेनहायमरबरोबर. 1968 च्या 'प्लॅनेट ऑफ द एप्स'चे अनेक खर्डे त्याने केले. अंतिम पटकथा मायकेल विल्सनच्या हातून गेली, श्रेय दोघांना आहे. वानरांच्या कोर्टात उभा केलेला गोरा माणूस, ज्याचं बोलणंच पुरावा म्हणून चालत नाही, हा प्रसंग टिल खटला ठाऊक असणाऱ्याने वेगळ्या डोळ्यांनी बघावा.

सूत्रांचं महत्त्व किती होतं हे 'नाइट गॅलरी'ने दाखवून दिलं. ही मालिका 1970 ते 1973 चालली. सर्लिंगचा चेहरा होता, आवाज होता, नाव होतं. निर्मितीचे अधिकार नव्हते. त्याच्या संहिता बदलल्या जायच्या, नाकारल्या जायच्या, आणि प्रेक्षक मात्र बऱ्या-वाईटाचं माप त्याच्या पदरात टाकायचे. 1956 मध्ये त्याच्यावर दबाव आणणारी पोलाद कंपनी होती, आता तर प्रायोजकांची ती जुनी पद्धतही मोडली होती. तरी परिणाम तोच. विज्ञानकथा, भयकथा हा आडोसा इथेही होता, पण नुसता आडोसा पुरला नाही.

1972 मध्ये 'द मॅन' आला. आयर्व्हिंग वॉलेसच्या कादंबरीवरची ही पटकथा सर्लिंगची. अपघाताने आणि वारसाहक्काच्या नियमाने एक काळा सेनेटर अमेरिकेचा राष्ट्राध्यक्ष होतो, भूमिका जेम्स अर्ल जोन्सची. टीव्हीसाठी बनवलेला हा चित्रपट आधी थिएटरांत लावला गेला. इथे काळा माणूस काळाच होता, सेनेट माणसांचं होतं आणि साल त्याच काळाचं. चित्रपट फारसा चालला नाही, आणि आज बघताना तो टीव्हीच्या तुटपुंज्या खर्चात केलेला दिसतो. तरीही 1956 च्या त्या आठवड्यात वहीत लिहून घेतलेल्या सूचनांपैकी एकही त्यात पाळलेली नाही. त्यानंतर तीन वर्षांनी, 28 जून 1975 रोजी, हृदयाच्या शस्त्रक्रियेनंतर रोचेस्टरमध्ये सर्लिंग वारला. वय 50. शेवटच्या वर्षांत तो इथाका कॉलेजात लेखन शिकवत होता.